पायाला गालिचा असलेली पेटी

२८ ऑक्टोबर १९९१, सोमवार. सकाळी सहा.

आजपासून रोजनिशी. कोणाला दाखवायची नाही. दिग्दर्शकाचं डोकं जागेवर राहावं म्हणून फक्त.

डॅडच्या एकोणिसाव्या भयपटाचा आज पहिला दिवस. नाव ‘शेवटची हजेरी’. आमच्या कोल्टर्स रन गावातली बंद पडलेली प्राथमिक शाळा, आणि मेलेल्या हेडबाई मिस ग्रिम्शॉ तिथे रोज हजेरी घ्यायला येतात, एवढीच गोष्ट. हेडबाई म्हणजे आमचा लू. एरवी खाटीक. सहा फूट दोन इंच. स्कर्टमध्ये बरा दिसतो.

रात्री आठ.

मोठी बातमी. डॅडनी नाश्त्यालाच सगळ्यांसमोर जाहीर केलं, पोरांनो, ही माझी शेवटची. अडुसष्ट झालो, गुडघे बोलायला लागलेत. पुढची दुसरं कोणीतरी करेल, नाव शेवटच्या दिवशी सांगतो. हे बोलताना ते थेट माझ्याकडे बघत होते. मी त्यांच्या आणि कॉफीच्या किटलीच्या मधे उभा होतो हे खरं, पण नजर ओळखू येते.

माझ्याशिवाय दुसरं कोण असणार? नऊ वर्षांचा असल्यापासून मी कॅमेऱ्याशेजारी बसतोय. आता बत्तिसावं चालू आहे. माझ्या पदाला नाव नाही, पण नाव लागतं ते खालच्या लोकांना. बसायला दुधाच्या बाटल्यांची लाकडी पेटी. साउंडवाल्या क्लेटननं तिच्या पायांना स्वतःच्या हातानं गालिचा चिकटवलाय आणि मांडीवर ठेवायला मला एक उशीही दिलीय. सगळ्या युनिटमध्ये असा मान दुसऱ्या कोणाला नाही. प्रत्येक टेकनंतर डॅड आधी माझ्याकडे बघतात, मग ठरवतात. टेकची नोंद ठेवणारी व्हर्ना लगेच वहीत काहीतरी लिहिते. एवढ्यावरून काय ते समजावं.

३० ऑक्टोबर, बुधवार.

कपाटाचा सीन. मुलगी कपाट उघडते, आत लू.

ऐन वेळी माझ्या पाठीत चमक भरली. ही जुनी तक्रार आहे. नेमकं दार उघडताना भरते. डॉक्टरांना दोनदा दाखवलं, त्यांना काही सापडलं नाही. आजकालचे डॉक्टर! चमक जोराची होती, उशीचा कोपरा थोडा फाटला. डॅड खूश. दुसऱ्या टेकला ओके.

लू मुखवट्यासकट मागून आला आणि खांद्यावर हात ठेवून म्हणाला, काय रे टेरी, बरा आहेस ना? त्याला म्हटलं, जरा पुढून येत जा, माणूस विचारात असतो. युनिट हसलं. हे मात्र चालायचं नाही. उद्या याच लोकांकडून काम करून घ्यायचंय.

निश्चय: शूटिंग संपेपर्यंत अजिबात हालायचं नाही. दिग्दर्शक म्हणजे खांब.

२ नोव्हेंबर, शनिवार.

शिकारीच्या सामानाच्या दुकानात गेलो. बंदुकीच्या आवाजासाठी कानात घालायचे नारिंगी बोळे घेतले. दुकानात ही गर्दी! दोन डिसेंबरला हरणांचा हंगाम उघडतो, त्या दिवशी कोल्टर्स रनमध्ये भूतसुद्धा जागेवर सापडायचं नाही. आमचं निम्मं युनिट शिकारी आहे. शनिवार, तीस नोव्हेंबरला फिल्म संपलीच पाहिजे, कारण सोमवारपासून सगळे जंगलात आणि डिसेंबरात शाळा पाडायला माणसं येणार. डॅडना हे पुन्हा सांगितलं. म्हणाले, कधी उशीर केलाय का रे मी?

नाही केलेला, ते खरं आहे.

४ नोव्हेंबर, सोमवार.

नवी पद्धत: कानात बोळे, नजर लूच्या डाव्या बुटावर, मनात बाराचा पाढा. लू जिन्याखालून बाहेर आला तेव्हा मी बारा सत्ते चौऱ्याऐंशीवर होतो. पाठ ठणठणीत. केसही हलला नाही.

डॅडनी माझ्याकडे पाहिलं. मी शांतपणे मान डोलावली. ते दोन सेकंद बघतच राहिले. प्रभाव पडलाय.

नऊ टेक झाले. डॅड बारीक कामाच्या मागे लागलेत. चांगलं आहे.

७ नोव्हेंबर, गुरुवार.

कपाटाच्या सीनचा पुढचा भाग. चौदा टेक. फळ्याच्या सीनचे सतरा. लूला रबरी मुखवट्याखाली घाम फुटून डावी भुवई गालावर आली. तो डॅडना म्हणाला, मिलान, मी दुकानात एका गायीला यापेक्षा कमी वेळा कापतो. डॅडनी नुसतं ‘पुन्हा’ म्हटलं. नेहमी ते परत टोला हाणतात.

माझी तब्येत उत्तम. मी अगदी पुतळा.

१२ नोव्हेंबर, मंगळवार.

डॅड दुपारी जेवायला न येता संवाद बदलत बसले. मॉमनं युनिटसाठी कोबी घालून हलुश्कीच्या शेवया केल्या होत्या, लोणी सढळ हातानं, आणि डॅडनी ताट तसंच परत पाठवलं. लग्नाला चाळीस वर्षं झाली, हे पहिल्यांदाच. मॉम मला म्हणाली, तुझ्या बापाला काय झालंय रे? म्हटलं, वय. मॉमनं माझ्या डोक्याच्या बाजूला जरा निरखून पाहिलं. केस वाढलेत बहुतेक.

पुढच्या फिल्मसाठी माझी काही तत्त्वं लिहून काढली:
पहिलं, शांतता.
दुसरं आठवेल तसं लिहीन.

१५ नोव्हेंबर, शुक्रवार.

डॅडना बाजूला घेऊन धीर दिला. म्हटलं, सीन छान होतायत, उगाच स्वतःला त्रास करून घेऊ नका. ते म्हणाले, तुला छान वाटतायत? म्हटलं, अगदी शांत बसून बघता येतात. ते खुर्चीत बसले. मग म्हणाले, हातातली जादू गेली माझी, टेरी.

वाईट वाटलं. पण प्रत्येकाची वेळ येते. त्यांची पाठ थोपटली.

संध्याकाळी व्हर्ना म्हणाली की आपण अकरा दिवस मागे आहोत. माझ्याकडे पाहून म्हणाली. बरोबर आहे, पुढच्या माणसाला परिस्थिती सांगून ठेवावी लागते.

२० नोव्हेंबर, बुधवार.

सोपं नाही. आज एका दाराचे पंचवीस टेक. क्लेटन गुपचूप बंदुकीला तेल देत बसला होता. कॅमेरावाला बड म्हणाला की दोन तारखेला मी इथे नाही, मग मिलान ओरडो नाहीतर भूत ओरडो.

व्हर्ना बाहेर सिगारेट ओढायला गेली तेव्हा तिची वही उघडली. चोरी नाही. माझी मतं कशी नोंदवली जातात हे पाहणं माझ्या कामाचा भाग आहे. जुनी पानंही होती, मागच्या दोन फिल्मची. प्रत्येक टेकसमोर एक रकाना, वर माझं नाव: टेरी. खाली: दोन इंच. साडेतीन इंच. उशी चावली. एके ठिकाणी लाल शाईनं: पेटीवरून पडला, ओके, ओके!

या फिल्मची चार तारखेपासूनची पानं: शून्य. शून्य. शून्य. शून्य. पानामागून पान.

इंच कसले, कळलं नाही. पाठीचं काहीतरी असणार, त्यांना काळजी आहे माझी. आणि शून्य म्हणजे शून्य चूक. एवढं निर्दोष काम या युनिटमध्ये कोणी केलेलं नाही. पानाचा आकडा लिहून ठेवला, शेवटच्या दिवशी उपयोगी पडेल.

२६ नोव्हेंबर, मंगळवार. दुपारी तीन.

डॅडनी फिल्म बंद केली.

तिसाव्या टेकनंतर टोपी काढली, कॅमेऱ्यावर ठेवली आणि म्हणाले, पोरांनो, घरी जा. भीती वाटत नाही अशी भुताची फिल्म मी लोकांना दाखवणार नाही. लू मुखवट्यात रडला. स्कर्टमध्ये रडणारा खाटीक मी पहिल्यांदाच पाहिला.

संध्याकाळी सहा. मॉमचं स्वयंपाकघर.

जसं घडलं तसं लिहितो.

मॉम पिरोगीच्या पाऱ्यांत बटाटा भरत होती. मी सांगत होतो की आता फिल्म वाचवायची असेल तर ती माझ्या हातात द्यायला हवी. तिनं पिठाच्या हातानं माझा कान धरला, बोटानं बोळा बाहेर काढला आणि टेबलावर ठेवला. मग दुसरा. म्हणाली, हे कधीपासून? म्हटलं, चार तारखेपासून. ती मटकन खुर्चीवर बसली. म्हणाली, अरे गाढवा, तो तुझ्याकडे बघून शॉट ओके करतो.

म्हटलं, माझं मत घेतात, माहीत आहे. ती म्हणाली, मत नाही रे बाबा, उडी. तू नऊ वर्षांचा होतास, तालमीत पेटीवरून उडून माझ्या मांडीवर आलास, तेव्हापासून. तू दचकलास की तो म्हणतो, झालं, हाच टेक छापा. बावीस वर्षं सगळं युनिट हेच बघतंय. व्हर्ना इंच मोजते. गालिचा कशाला लावलाय त्या पेटीला? ती वाजायची. उशी कशाला? तू ओरडायचास.

म्हटलं, मला पाठीचा त्रास आहे. मॉम म्हणाली, हो का.

मग तिनं माझ्या ताटात सहा पिरोगी वाढल्या. मी खाल्ल्या. खूप वाईट वाटलं, हे इथे लिहायला हरकत नाही. बावीस वर्षं मी त्यांच्यासोबत फिल्म बघतोय असं समजत होतो आणि ते सगळे मला बघत होते. त्याहून वाईट म्हणजे डॅड शेजारच्या खोलीत भिंतीकडे तोंड करून पडलेत. त्यांच्या हातातली जादू गेलेली नाही. मी कानात बोळे घातले होते.

२७ नोव्हेंबर, बुधवार. सकाळी साडेसहा.

डॅडना उठवलं. म्हटलं, एक टेक. फक्त एक. ते म्हणाले, काय उपयोग? मी त्यांची टोपी त्यांच्या डोक्यावर ठेवली. मॉमनं लूला आणि बाकीच्या युनिटला फोन केले.

दुपारी दोन.

बोळे नाहीत. पाढा नाही. नजर कपाटावर. दार कुरकुरलं, आणि थोडं उघडून थांबलं. ते इतका वेळ थांबतं हे मला माहीतच नव्हतं. मग लू.

पेटी उलटली. मी दिव्याच्या स्टँडला धडकलो, उशी बडच्या अंगावर गेली आणि मी, व्हर्नाच्या म्हणण्याप्रमाणे, जिन्यापर्यंत पोहोचलो होतो. थंडी होती, पाय आखडले होते, त्यामुळे असं होतं. डॅड हसत होते. डोळे पुसत हसत होते. म्हणाले, छापा! मग जेवायला मागितलं.

संध्याकाळपर्यंत बारा शॉट. सगळे दुसऱ्या टेकच्या आत.

३० नोव्हेंबर, शनिवार. दुपारी चार.

फिल्म संपली. गुरुवारी सणाच्या टर्कीसाठी सुद्धा दोनच तास सुट्टी घेतली. माझा आवाज पूर्ण बसलाय. धुळीमुळे.

डॅड घोषणेसाठी पायरीवर उभे राहिले. मी शर्ट बदलून आलो होतो, दोन शब्द बोलायला कागदही आणला होता. डॅड म्हणाले, पुढची फिल्म व्हर्ना करेल.

टाळ्या वाजल्या. मीही वाजवल्या. कागद खिशात ठेवला.

नंतर डॅड तिला सगळं ताब्यात देत होते. मी दाराशी होतो, ऐकू आलं. कॅमेरा एक. धुराचं यंत्र एक, लाथ मारल्यावर चालतं. हेडबाईंचा स्कर्ट. आणि टेरी. त्याला जप, असा परत मिळणार नाही.

तिथेच थोडा वेळ उभा राहिलो. मग व्हर्नाला जाऊन सांगितलं की मी विचार करून कळवीन, माझ्या अटी आहेत. नवी उशी लागेल. ती म्हणाली, दोन देते.

२ डिसेंबर, सोमवार. सकाळी दहा.

गावात माणूस नाही. सगळे हरणांच्या मागे. घरात शांतता. हीच वेळ आहे. व्हर्ना करील तिची फिल्म, मी स्वतःची लिहिणार. कथा, पटकथा, दिग्दर्शन: टेरी हुडाक. निश्चय: दुपारपर्यंत वीस पानं.

पान पहिलं. एक माणूस घरात एकटा आहे. सकाळची वेळ. त्याला वाटतं, शेजारच्या खोलीत कपाट आहे ते आपण बंद केलं होतं. तो कान देतो. आतून कोणीतरी, अगदी हळू, त्याचं नाव हजेरीत घेतं.

दहा वाजून वीस.

शेजारच्या खोलीत माझंही कपाट आहे.

अकरा. डॅडकडे.

पायीच आलो. पळत नाही, व्यायाम म्हणून भरभर. डॅडनी पान वाचलं. विचारलं, पुढे काय होतं? म्हटलं, एवढंच आहे. ते म्हणाले, का थांबलास? म्हटलं, कलात्मक कारण आहे. त्यांनी माझ्या पायांकडे पाहिलं. एकाच पायात बूट होता.

त्यांनी फोन उचलला आणि व्हर्नाला म्हणाले, पुढच्या फिल्मचं पहिलं पान आलंय. एकदम ओके. पुढचं तू लिही, ह्याच्याच्यानं होणार नाही.

म्हणजे पटकथा विकली गेली, पहिल्याच दिवशी. तरी मुक्काम मात्र आज इथेच. डॅडचं वय झालंय, त्यांना कोणीतरी सोबत हवी.