खडूमंत्री

१० जानेवारी

ती. आत्यास,
कृ. सा. न. वि. वि.

तुझ्या वर्गातल्या शेवटच्या बाकावर तीन आठवडे बसून परत आले, त्याला आज आठ दिवस झाले. पाठ अजून धरलेलीच आहे. चौथीच्या बाकावर तिशीची बाई बसवू नये, असा नियम विद्यापीठाने करायला हवा. बाकी तुझ्याकडे माझी चंगळ झाली. आई म्हणते, अभ्यासाला गेली होती की माहेरपणाला.

सोबत दोन गोष्टी पाठवते आहे. एक म्हणजे संमतीपत्र. तुझ्या वर्गात मी जे पाहिलं ते प्रबंधात वापरायला तुझी हरकत नाही, एवढंच त्यात आहे. शाळेचं नाव, तुझं नाव कुठेही येणार नाही. दुसरी गोष्ट म्हणजे त्या प्रकरणाची चार पानं. ती आधी वाच आणि मगच सही कर. फोनवर सांगणार होते, पण तू चिडलीस की फोन ठेवून देतेस. पत्र तसं ठेवून देता येत नाही.

पानांत काय आहे ते थोडक्यात सांगते. तुमच्या शाळेत खडू ऑफिसच्या कपाटात कुलपात असतात आणि एका वेळी तीनच मिळतात. ऑफिस पार दुसऱ्या टोकाला. खडू संपला की तू एका मुलाला पाठवतेस, त्याला खडूमंत्री म्हणतेस. मी घड्याळ लावून पाहिलं. जाऊन यायला साधारण चार मिनिटं लागतात. पंधरा दिवसांत एकतीस खेपा झाल्या, त्यांतल्या सत्तावीस त्याच पाच मुलांनी केल्या. खडू बहुतेक वेळा गणिताच्या तासाला, नवीन भाग सुरू होतानाच संपतो. मंत्री परत येतो तेव्हा सुरुवात होऊन गेलेली असते. त्या पाच मुलांच्या घरी शिकलेलं, अभ्यास घेणारं कुणी नाही. आणि गणितात मागे असलेली मुलंही तीच.

प्रबंध २८ फेब्रुवारीला द्यायचा आहे. त्याआधी पत्र आलं तर बरं.

लोभ असू दे, आणि राग आला तर तोही मोकळेपणाने कळव.

तुझी,
शंकासुर

१७ जानेवारी

चि. शंकासुरास,
अनेक आशीर्वाद.

राग कळव म्हणालीस, तर कळवते. चार पानं वाचली. चष्मा पुसून पुन्हा वाचली. मग डबा न खाता तिसऱ्यांदा वाचली. सही करणार नाही.

बत्तीस वर्षं मी या शाळेत उभी आहे. बसले असेन ती फक्त पेपर तपासायला. यंदा निवृत्त होणार, आणि निरोपाला माझ्याच भाचीने मला हे वाढून ठेवलं, की मी मुलांना वर्गाबाहेर घालवते. अगं, खडूमंत्री होण्यासाठी पोरं भांडतात! ज्यांना वर्गात कुणी विचारत नाही, ज्यांचा गणितात कधी नंबर येत नाही, त्यांना निदान एक मान मिळावा म्हणून मी हे पद काढलं. चुळबुळ करणाऱ्याला जरा पाय मोकळे करता येतात. येताना कसा छाती काढून येतो, ते तुझ्या घड्याळाने मोजलं का? शेवटच्या बाकावरून मुलांच्या पाठी दिसतात, तोंडं दिसत नाहीत.

आणि घरी शिकलेलं कुणी नाही, हा तुझा मुद्दा. तुझा दादा माझ्या वर्गात वर्षभर खडूमंत्री होता. तू दोन वर्षांनी त्याच वर्गात आलीस. एकच घर, एकच आईबाप, एकच पुस्तकांचं कपाट. मग तुझं शास्त्र इथे कुठे बसतं ते सांग. त्यालाच विचार की त्याच्यावर अन्याय झाला का. स्वतःच्या लग्नातसुद्धा तो सगळ्यांना सांगत होता की मी आत्याचा मंत्री होतो म्हणून.

तू माझ्या वर्गात होतीस तेव्हा दर दोन मिनिटांनी ‘पण का?’ विचारायचीस. मी एकदाही तुला गप्प बस म्हटलं नाही. त्याचं हे फळ.

आईबाबांना माझा नमस्कार सांग. तुझ्यावर जीव आहेच, पण सध्या त्याची तब्येत बरी नाही.

तुझी,
आत्या

२२ जानेवारी

ती. आत्यास,
कृ. सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचून रडले. मग मार्गदर्शक बाईंना दाखवलं. त्यांनी ते दोनदा वाचलं आणि म्हणाल्या की या बाईंनी प्रबंध लिहायला हवा होता. सही नसेल तर प्रकरण काढावं लागेल, हेही त्यांनी स्पष्ट सांगितलं. सगळा प्रबंध त्या प्रकरणावर उभा आहे, म्हणजे किमान वर्ष जाईल. पण तू नाही म्हणालीस तर मी ते काढेन. तुझ्या पाठीमागे काही छापणार नाही.

तोंडांबद्दल तू बोललीस ते खरं आहे. ती मला दिसली नाहीत आणि मी विचारलंही नाही. ती माझी चूक, ती प्रकरणात कबूल करते आहे.

पण एक गोष्ट मांडू दे. ते पद म्हणजे मान आहे, हे मी नाकारतच नाही. आमच्या शास्त्रात हेच तर म्हणतात, की शाळा कुणाला हाताला धरून बाहेर काढत नाही. ती एखाद्याला आवडेल असं काम देते आणि तो आपल्या पायांनी, खुशीने बाहेर जातो. देणाऱ्याच्या मनात माया असते, घेणाऱ्याच्या मनात अभिमान. म्हणून कुणाचीच तक्रार येत नाही. तू वाईट असतीस तर हे केव्हाच लक्षात आलं असतं.

दादाचा प्रश्न मात्र अवघड आहे. दोन दिवस त्यावर डोकं खाजवलं. मी तोंडाची फटकळ, पटपट बोलणारी. तो अडखळायचा, अक्षर कुत्र्यामांजराचं, पण हात चांगले. शाळेला पटपट बोलणारं मूल आवडतं. घर एकच असलं तरी शाळेने आम्हाला दोन वेगळी मुलं म्हणून पाहिलं असेल. त्याला फोन केला तर तो हसला आणि कामावर एका लिफ्टचा दरवाजा अडकलाय म्हणून ठेवून दिला.

मी वर्षभर तुझ्या वर्गात होते. मला तू एकदाही खडू आणायला पाठवलं नाहीस. तेव्हा मला त्याचं वाईट वाटायचं.

जीव आहे म्हणालीस, त्याची तब्येत कशी आहे ते कळव.

तुझी,
शंकासुर

७ फेब्रुवारी

चि. शंकासुरास,
आशीर्वाद.

उशीर झाला, कारण मी मोजत होते. तुझं घड्याळ चुकलं असणार, हे सिद्ध करायचं म्हणून हजेरीच्या मागच्या पानावर आठ शाळेचे दिवस नोंद ठेवली. काही बदललं नाही, नेहमीसारखीच शिकवत राहिले. सतरा खेपा झाल्या. पंधरा त्याच पाचजणांच्या. तेरा वेळा फळ्यावर नवीन गणित नुकतंच मांडलं होतं. पहिल्या तासाला भाषा असते, तेव्हा मी भरभरून लिहिते आणि खडू गणिताला संपतो. बत्तीस वर्षांत हे माझ्या लक्षात आलं नाही, याची मला लाज वाटते. लिहूनच टाकलं, आता हलकं वाटतं.

मग सोमवारपासून मीच खडू आणायला जायला लागले. पहिल्या दिवशी ऑफिसातल्या क्लार्कना वाटलं की वर्गात कुणाला लागलं-बिगलं. बाई स्वतः खडू न्यायला आलेल्या त्यांनी कधी पाहिल्याच नव्हत्या. जाताना मी गणित मांडून, पहिली पायरी समजावून जाते आणि परत आले की मंत्र्याला विचारते की मी नव्हते तेव्हा तुम्ही पुढे काय केलंत, ते मला सांग. मंत्र्याचं काम आता एवढंच.

पहिले दोन दिवस सगळे रुसले. एक रडला, एकाने विचारलं की मी काय चुकलो. तिसऱ्या दिवशी चुळबुळीची पाळी होती. ही तीच, तुझ्या पुढच्या बाकावर बसून सारखी मागे वळायची. ती ओठ मिटून उभी राहिली. मी तिच्याऐवजी उत्तर द्यायला तोंड उघडलं होतं, पण मिटलं आणि मनात वीसपर्यंत मोजलं. फार वेळ वाटतो गं तो. एकोणिसाला ती म्हणाली की कागदाचे तीन तुकडे केले म्हणून एक तुकडा तृतीयांश होत नाही, तिन्ही सारखे असले तरच होतो, आणि फळ्यावरचे सारखे नाहीत. ते मीच घाईत वाकडेतिकडे काढले होते. वर्षभर मी तिला गणितात कच्ची समजत होते.

हे सगळं पटलं, तरी सही अजून केलेली नाही. तुझ्या दादाचं काय ते मला आधी कळायला हवं. त्याला पत्र लिहिलं आहे आणि खरं लिही असं बजावलं आहे.

तब्येत सुधारते आहे. पथ्य चालू आहे.

तुझी,
आत्या

१४ फेब्रुवारी

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

पत्र लिहायची सवय नाही, त्यामुळे चुका पोटात घाल. तू खरं लिही म्हणालीस म्हणून लिहितो. फोनवर शंकासुराने विचारलं तेव्हा मी हसून टाळलं, कारण तिला सांगितलं की ती वहीत लिहून घेते.

मंत्रिपद मला फार आवडायचं, हे आधी सांगतो. त्यात काही खोटं नाही. लांबच लांब व्हरांडा आपला एकट्याचा, बाकी सगळे वर्गात कोंडलेले. पण अपूर्णांकाची पहिली दोन गणितं मी कधी पाहिलीच नाहीत. यायचो तेव्हा तिसरं चालू असायचं. सगळे माना हलवायचे, मग मीपण हलवायचो.

म्हणून मी एक युक्ती केली होती. ऑफिसातून मिळालेल्या तिनांतला एक खडू खिशात ठेवून द्यायचो. पुढच्या खेपेला दाराबाहेर जायचो, भिंतीला टेकून तीसपर्यंत मोजायचो आणि तोच खडू घेऊन आत यायचो. म्हणजे सुरुवात फारशी चुकायची नाही. तू म्हणालीस, काय पळतो हा मुलगा, वाऱ्यासारखा. घरी बाबांनाही सांगितलंस. आणि दुसऱ्या दिवसापासून खडूबरोबर हजेरीचं पुस्तक पोचवायचं कामही मलाच दिलंस. ते काही खिशात मावत नव्हतं.

तेव्हा बोललो नाही, कारण बोललो असतो तर तू दुसऱ्याला मंत्री केलं असतंस.

माझं काही बिघडलं नाही, आत्या. लिफ्टच्या कामात मी वाकबगार आहे, माझ्या हाताखाली सहाजण आहेत. फक्त कंपनीचं प्रशिक्षण असलं की मी अर्धा तास आधी जाऊन पहिल्या खुर्चीवर बसतो आणि मधे पाणी प्यायलाही उठत नाही. सगळे थट्टा करतात. सुरुवात चुकेल म्हणून मला घाम फुटतो. याचं कारण तुझं पत्र येईपर्यंत मलाही माहीत नव्हतं.

वाईट वाटून घेऊ नकोस. शंकासुराला सही देऊन टाक, नाहीतर ती आमचं डोकं खाईल.

माया आहेच, ती कमी होण्यासारखी नाही.

तुझा,
माजी मंत्री

२० फेब्रुवारी

चि. शंकासुरास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

सही करून संमतीपत्र सोबत पाठवते आहे. दादाच्या पत्राची नक्कलही जोडली आहे, त्याला विचारूनच. वाचताना जवळ कुणीतरी असू दे. मी एकटी होते, ते बरं झालं नाही.

वाऱ्यासारखा पळतो, हे मी तुमच्या बाबांना कौतुकाने सांगितलं होतं. ते वाक्य मला शब्दन्‌शब्द आठवतं. बाबा म्हणाले होते की अभ्यासात नाही तर नाही, निदान कामाला चपळ आहे. आणि मी हो म्हटलं होतं. तो मुलगा गणितासाठी पळत होता, आणि आम्ही दोघं मोठी माणसं बसून त्याच्या पायांचं कौतुक करत होतो.

आता माझ्या दोन अटी. ‘शिक्षिकेला याची जाणीव नव्हती’ हे वाक्य तू त्या चार पानांत खोडलेलं दिसलं, माझी दया येऊन खोडलं असशील. ते परत घाल. खरं आहे ते. दुसरं म्हणजे, तू पाच मुलं लिहिली आहेस. सहा लिही. तो तुझ्या पंधरा दिवसांत बसत नाही, हे मला कळतं. तळटिपेत घाल, पण घाल.

चुळबुळी आता मी आत पाऊल टाकायच्या आधीच सांगायला सुरुवात करते. काल तिला म्हटलं, मला फळ्यापर्यंत तरी पोचू दे.

या रविवारी दादाला जेवायला बोलावलं आहे. अपूर्णांकाची पहिली दोन गणितं शिकवणार आहे, असंही फोनवर सांगितलंय. तो हसला, पण किती वाजता यायचं ते दोनदा विचारलं. म्हणजे अर्धा तास आधीच येणार. घरातल्या जुन्या फळ्याला मी काल काळा रंग दिला. खडूची अख्खी पेटी आधीच टेबलावर काढून ठेवली आहे. कुणाला उठावं लागणार नाही.

जीव ठणठणीत आहे, काळजी नसावी.

तुझी आणि त्याची,
आत्या