सहा खाचांची किल्ली

३ मार्च, सोमवार
आईचा पुन्हा फोन. "घरात कोणीतरी येऊन जातं गं! चपला सरकल्या होत्या." चिडलेच मी. कुलूप आमच्याच कारखान्यातलं! मागे तिला कागदावर मांडून दाखवलं होतं — किल्लीला सहा खाचा, प्रत्येक खाच चारपैकी एका मापाची. चार गुणिले चार, असे सहा चौके एकमेकांना गुणायचे. ४०९६ वेगवेगळ्या किल्ल्या! तिच्या नव्या वसाहतीत दारं आठशे चाळीस, सगळ्यांना आमचीच कुलपं. दुसऱ्याची किल्ली लागेलच कशी? तर म्हणते, "तुझा गुणाकार बरोबर असेल बाई, पण चपला सरकल्या होत्या."

७ मार्च, शुक्रवार
दादा तिला डॉक्टरांकडे घेऊन गेला. मीही गेले. भास होतात म्हणे. गोळ्या दिल्या. ४०९६ चा हिशेब डॉक्टरांना मीच ऐकवला. तोही ऐटीत!

८ मार्च
आईनं गोळी घेतली आणि दाराशी चपला पुन्हा नीट मांडल्या.

१८ मार्च, मंगळवार
कारखान्यातले मिस्त्री चहा पिताना सहज म्हणाले, "किल्ल्या कापायच्या यंत्राचा खटका झिजलाय. दुसरं न् तिसरं माप एकच पडतं. वर्ष झालं की! कुलूप किल्लीवरूनच बेततो, ती आपल्या कुलपाला लागते ना, मग कोण बघतंय?"

म्हणजे मापं चार नाहीतच, तीन! सहा वेळा तीन गुणले — ७२९. आणि दारं आठशे चाळीस! जुळ्या किल्ल्या असणारच. त्यात आम्ही आकडे ओळीनं कापतो, लागोपाठच्या दोन किल्ल्यांत फरक बहुधा एकाच खाचेत, एका मापाचा. म्हणजे जुळी शेजारीपाजारीच! मी कागदावर गुणाकार करत बसले, एक किल्ली हातात घेऊन मोजली नाही. शहाणी कुठली!

कारखान्याचे मालक ऐकून म्हणाले, "उगाच बोभाटा नको."

१९ मार्च
आईच्या खालच्या मजल्यावर रिटायर्ड मास्तर राहतात. त्यांची किल्ली मागून घेतली, वर जाऊन आईच्या दाराला लावली. फिरली! मास्तरांचं तोंड एवढंसं झालं. "मजला चुकतो हो माझा. दोनदा आत गेलो. किल्ली लागली, म्हटलं घर आपलंच! त्या आंघोळीला असाव्यात. दाराशी परक्या चपलांना पाय अडखळला, आल्या पावली फिरलो. सांगणार कोणत्या तोंडानं?"

त्यांच्यावर रागावता आलं नाही. मी कोणत्या तोंडानं रागावू?

२० मार्च, गुरुवार
आईला समोर बसवलं आणि मास्तरांच्या किल्लीनं बाहेरून दार उघडून दाखवलं. म्हटलं, "तुझंच खरं होतं गं." रडले. ती दाराकडे बघत राहिली. मग माझा हात धरून हळूच म्हणाली, "दादाला सांगू नकोस हं. गोळ्या घेऊनही आत्ता परत भास झाला मला, कोणीतरी बाहेरून दार उघडल्याचा."