तंबोरा लावताना तोंड वाकडं

४ जून
घेतलं! मास्तरांनी मला शिकायला घेतलं! अजून खरं वाटत नाही. वय एकोणपन्नास, आणि आजवर एक गाणं धड म्हटलेलं नाही. माझ्या चष्म्याच्या दुकानात येणाऱ्या दोघींनी आधीच बजावलं होतं, आपल्या वयाच्या बायकांना ते दारातूनच परत पाठवतात. मला आत बसवलं. मास्तर हनुवटी तंबोऱ्याच्या भोपळ्याला टेकवून तारा जुळवत राहिले, आणि सगळा वेळ टक लावून माझ्याकडे पाहत होते. मग एकदम — "सोमवारपासून ये." बस्स! माझा एक सूरसुद्धा न ऐकता!

घरी सांगितलं तर हे हातातला कप तसाच धरून बघत राहिले. "तू? अगं, तुझा कान म्हणजे भोपळा!" म्हटलं, तंबोराही भोपळ्याचाच असतो.

९ जून
पहिला धडा. सात सूर. त्यातले पाच वर-खाली सरकतात — कोमल होतात, तीव्र होतात. "पण सा आणि प जागचे हलत नाहीत," मास्तर म्हणाले. "जग इकडचं तिकडे झालं तरी नाही."

मी सा लावला. लागलाच नाही. मास्तरांनी पेटीवर दोन पट्ट्या खालचा सूर धरला. "आता म्हण." लागला! इतका सरळ लागला की मीच दचकले. "आजवर दुसऱ्यांच्या पट्टीत ओरडत होतीस," म्हणाले. आणि मी आयुष्यभर स्वतःला बेसूर समजत आले! शाळेत मला समूहगीताच्या मागच्या रांगेत उभं करून नुसते ओठ हलवायला सांगायचे. परतताना जिन्यात दोन मिनिटं बसून राहिले.

२३ जून
नवे शिष्य दाराशी बसतात. मला मात्र अगदी समोर, तंबोऱ्यापुढे बसवतात. का? तंबोरा लावताना मास्तरांची नजर तारेवर नाही, माझ्यावर. चोरी पकडल्यासारखं वाटतं.

३० जून
भूप राग सुरू. म आणि नी वर्ज्य, म्हणजे पाचच सूर. हे म्हणाले, "दोन कमी? मग फीसुद्धा कमी द्या म्हणावं."

१० जुलै
मोठीनं जिन्यात गाठलं. मोठी म्हणजे मास्तरांची सगळ्यात जुनी शिष्या. वयानं माझ्या निम्मी असेल, पण सगळे मोठीच म्हणतात. "काकू, राग मानू नका, पण मास्तर तंबोरा लावताना तुम्ही तोंड किती वेडंवाकडं करता! कडू काढा प्यायल्यासारखं! त्यांना काय वाटत असेल?"

मेल्याहून मेल्यासारखं झालं. करते खरी. तार उतरलेली असली की माझ्या दातांत शिवशिवतं, बरोबर लागली की सुटल्यासारखं होतं. ते सगळं तोंडावर दिसतं हे मला कुठं ठाऊक!

आता नाही. दुकानात डोळे तपासताना मी चेहरा कोराच ठेवते. गिऱ्हाईक अक्षर चुकलं आणि आपली भुवई हलली, की ते लगेच दुसरं अक्षर सांगतं. वीस वर्षांची सवय आहे. तोच चेहरा उद्यापासून मास्तरांपुढे.

११ जुलै
जमलं. मख्ख बसले. मास्तर कितीतरी वेळ खुंट्या पिळत होते. दोनदा विचारलं, "बरं आहे ना तुला?"

१३ जुलै
आज मोठीचं पहिलं जाहीर गाणं. तीनशे खुर्च्या, सगळ्या भरलेल्या. तंबोऱ्याला मागे मी! चार तारा एकामागून एक छेडायच्या, एवढंच काम. बाजूच्या खोलीत मास्तरांनी तंबोरा लावला, आधी खुंट्या, मग सूर बारीक जुळवायचे तारेतले मणी. माझ्याकडे पाहत होते. मी कोरी, सगळं लक्ष चेहरा सांभाळण्यात. पुन्हा पिळलं, पुन्हा पाहिलं. शेवटी कपाळाचा घाम पुसून तंबोरा माझ्या हातात दिला.

रंगमंचावर पहिली तार छेडली. प उतरलेला! कधीच न हलणारा प! पण मास्तरांनी लावलाय, चूक माझ्याच कानाची असणार, म्हणून छेडत राहिले. मोठी पंचमावर, म्हणजे प वर आली की तार आणि गळा एकमेकांना घासत होते. तिसऱ्यांदा तिनं मागं वळून पाहिलं. पेटीवाल्याच्या भुवया वर. मग मोठी गाता गाता थांबली! लोकांसमोर वाकून तिनं खुंटी पिळली. त्यानंतर तिचा आवाज सावरला नाही.

आत आल्यावर ती रडत म्हणाली, "काकू, तुम्ही तारेचा मणी हलवलात ना?" मास्तर तिथंच उभे होते. जमिनीकडे पाहत राहिले. एक अक्षर बोलले नाहीत!

१४ जुलै
गेले नाही. मणी मी हलवला नव्हता. नव्हता, नव्हता!

१६ जुलै
दुकानात एक आजोबा आले. खुर्चीत बसायच्या आत तक्ता घडाघडा वाचून मोकळे. पाठ केला होता! मी हसून तक्ता बदलला. आजोबा अडले — आणि अक्षरं सोडून माझ्या तोंडाकडे पाहू लागले.

माझ्या हातातलं भिंग खाली पडलं. मास्तरांची हनुवटी भोपळ्याला टेकवलेली. नजर तोंडाकडे. मास्तरांना नीट ऐकू येत नाही! सबंध गावाला सूर शिकवणाऱ्या माणसाला! आणि माझ्यावर आळ आला तेव्हा गप्प राहिले. संताप संताप झाला. मग रडूच आलं. उद्या तोंडावर विचारणार. पण विचारायचं कसं? तुमचा कान गेलाय, हे मी सांगायचं त्यांना?

१७ जुलै
सांगावं लागलं नाही. मास्तर शांतपणे म्हणाले, "दोन वर्षं झाली. एकाच तारेचे दोन कानांत दोन सूर ऐकू येतात. मोठीला काल सगळं सांगितलं, तिचे पाय धरायचे तेवढे राहिले. तुझी तर माफी मागायलासुद्धा तोंड नाही." मग तंबोरा पुढे ओढला. "इतकी मुलं समोर बसतात, तार उतरली तर एकाची भुवई हलत नाही. तुझी पहिल्या दिवशीच हलली. म्हणून तुला घेतलं, तेव्हापासून तुझ्या तोंडाकडे बघूनच लावतोय. मग ऐन वेळी चेहरा का मिटलास गं?"