मध्यंतराआधी वारलेली ताई

चि. धाकट्या,

हे पत्र मी पाठवणार नाही, पण लिहिल्याशिवाय माझं डोकं शांत व्हायचं नाही.

काल आईला घेऊन तुझा सिनेमा पाहिला. शब्द तुझे, चाली तुझ्या, गळा तुझा, आणि आता हीरोही तूच. गोष्टसुद्धा म्हणे तुझ्याच आयुष्याची. मग मध्यंतराआधीच तुझी ताई तापाने कशी वारली रे? मी तर तिकीट काढून थिएटरात बसले होते!

मुलाखतीत म्हणालास, "बहीण गेल्याशिवाय त्या गाण्याला वजन येईना." वा रे वा! ते पहिलं गाणं तू कपड्यांच्या कपाटात बसून रेकॉर्ड केलंस, तेव्हा बाहेरून दार दाबून धरायला मीच होते. आवाज नको म्हणून पंखा बंद, अंगातून घामाच्या धारा. दुसऱ्या कडव्यात मला खोकला आवरला नाही. तू वाट्टेल ते बोललास. पण पुन्हा तसं गाता येईना, म्हणून खोकल्यासकट तेच ठेवलंस.

काल पडद्यावर माझी रिकामी खाट दिसली आणि तेच जुनं रेकॉर्डिंग लागलं. सगळं थिएटर मुसमुसत होतं. आईसुद्धा, माझाच हात घट्ट धरून. मग दुसरं कडवं आलं आणि त्या रेकॉर्डिंगमध्ये मी खोकले.

आईने डोळे पुसले, माझ्याकडे वळली आणि मोठ्यांदा म्हणाली, "अगं, तुला मारलं ना त्याने? मग आता ही खोकतेय कोण?"

तुझी,
कै. ताई