मरायचं काम

२ फेब्रुवारी
डायरी, शुद्धलेखनाला हसू नकोस. नववीत शाळा सोडली, आणि फोनवर एका बोटाने टाईप करते — वेळ लागतो.
जुन्या चिनी पिक्चरात तीळवाला परत दिसला! गालावर तीळ, म्हणून मी ठेवलेलं नाव. खरं नाव शेवटी येतं, पण चिनीत. काळ्या-पांढऱ्यात तो चहा देणारा पोरगा. रंगीत पिक्चर आले तसा दरोडेखोर. मग टक्कल पडलेला हमाल. जन्मभर काम एकच — हिरोच्या आधी मरायचं.

८ फेब्रुवारी
बायकांच्या नमनात, म्हणजे शिमग्याच्या नाटकात, मला घेतलं. शिपाई. राक्षस येतो, मी मरते. वाक्य एकही नाय. आई खूष — तशीपण तू तोंड उघडत नायस.
राजा शमिकावहिनी. ती असते मुंबईला, शिमग्यालाच येणार. पण सगळ्यांचे कपडे तिने दिले, मग राजा दुसरी कोण होणार? तालीम गंगूआत्ये घेते. ती म्हणाली, वहिनी येईपर्यंत राजाची वाक्यं तू म्हण.

१७ फेब्रुवारी
राजाची वाक्यं मोठ्याने म्हणते. लाज वाटत नाय — माझी नायत ना. आज मेलेल्या शिपायावरचं राजाचं भाषण संपलं तर सगळ्या हातातलं सोडून माझ्याकडे बघत होत्या. आत्ये म्हणाली, "बरी बोलतेस गो." मग लगेच, "पण राजा वहिनीच हां."
मला राजा व्हायचंय. हे फक्त इथे.

२१ फेब्रुवारी
मरायला तीळवाल्याकडून शिकते. डोळे उघडे, पोट हलू द्यायचं नाय. एका पिक्चरात हिरो त्याच्यावर वाकून रडतो, आणि ह्याचे ओठ हलतात. मेला तरी पुटपुटतोय! चुकला बिचारा.

१ मार्च
वहिनी आली. मिशी शोभते तिला. पाठ केलंस काय विचारलं, तर म्हणाली, फोनमध्ये आहे सगळं.

४ मार्च
झालं नमन. मी मेले. छान मेले.
वहिनी वाकली. "माझ्या शिपाया —" आणि पुढे काय नाय. फोन आत राहिला तिचा. समोर अख्खा गाव. तीळवाला का पुटपुटत होता ते तेव्हा कळलं.
मी पडल्या पडल्या सांगत गेले, ती म्हणत गेली. अख्खं भाषण. शेवटी माझाच आवाज चढला! पुढे बसलेलं एक पोर बोंबललं, "आये, मेलेला बोलतोय!" सगळे हसले.
मानाचा नारळ वहिनीला. आत आल्यावर मिशी काढत मला म्हणाली, "मेल्यावर तरी गप्प राहायचंस ना गो."
वर्गात कधी तोंड उघडलं नाय मी; आमच्या शाळेतल्या मॅडमनी हे ऐकायला हवं होतं.

३१ मार्च
मुंबईहून फोन. शमिकावहिनीला दिवस गेलेत. आई म्हणते, पुढच्या शिमग्याला पदरात पोर असेल तिच्या. मी राजाची वाक्यं परत म्हणून बघितली, मोठ्याने.