पूजेतला प्रोब

१५ ऑक्टोबर २००७
आले एकदाची सिन्नरला! एमआयडीसीत तीन खोल्यांची कंपनी, काम मात्र लाखात एक. स्वतःचा यूएसबी डीबग प्रोब बनवायचा. काडेपेटीएवढी डबी, एक टोक कॉम्प्युटरला, दुसरं मायक्रोकंट्रोलरच्या चिपला. आपण सांगितलं की चिप जागच्या जागी थांबते, पोटात काय चाललंय ते दाखवते. हिरवा दिवा म्हणजे चालू, लाल म्हणजे थांबली. सोल्डरिंगला सिंधुबाई आहेत. पहिल्याच दिवशी त्यांनी मला आपल्या डब्यातली अर्धी भाकरी दिली.

१८ ऑक्टोबर
कॉम्प्युटर प्रोबला ओळखतच नव्हता. यूएसबीच्या तारेवरचा एक रेझिस्टर राहून गेला होता, चूक माझीच. सिंधुबाईंनी तो लावला आणि ओळख पटली. मी नाचायचीच बाकी होते.

२० ऑक्टोबर, खंडेनवमी
मालकांनी हत्यारं पूजेत मांडली. पकडी, सोल्डरिंग गन, आमचा प्रोबसुद्धा. सिंधुबाईंनी त्याच्या उघड्या पिनांना बोटाने हळदकुंकू लावलं. उद्यापर्यंत हात लावायचा नाही म्हणे. सोमवारी ओझरच्या गिऱ्हाइकाला दाखवायचाय, तेव्हा देव येणार आहे का मदतीला? मी सरळ उचलला. "नका हो ताई, आजचा दिवस लय कडक असतो," सिंधुबाई म्हणाल्या. मी हसले.

दुपारी
चिप जोडलेली नाही, तरी स्क्रीनवर 'चिप सापडली'. गंमत म्हणून 'थांब' दाबलं. सिंधुबाई समईत तेल घालता घालता माझ्याशी बोलत होत्या. हात हवेतच राहिला. डोळे उघडे, श्वास नाही. घाबरून 'चालू' दाबलं, तर त्या अर्धं राहिलेलं वाक्य पुरं करून निघून गेल्या. त्यांना काहीच कळलं नाही. भास असेल. पण भास मला होत नाहीत.

२१ ऑक्टोबर, दसरा
सुट्टी असून आले. पिना स्पिरिटने पुसल्या. हे भूत असेल तर मी त्याची सर्किट डायग्राम काढीन, घाबरायची नाही.

११ वाजता
सिंधुबाई सोनं द्यायला आल्या. दिवा लाल झाला. मी काहीच दाबलेलं नाही! त्या दारातच — हातात आपट्याची पानं —

'चालू' ऐकत नाही. केबल उपटली. तरी लाल.

११.०२
ओठ निळे पडतायत. हात मी लावला, भोगायचं यांनी? ते चालणार नाही.

११.०३
पिना माझ्या अंगठ्यात रोवल्या. रक्त आलं. घे, मला घे —

खोकल्या! सिंधुबाई खोकल्या! रडताय का ताई, विचारतायत. दिवा लालच. डावा हात — उचलत नाही — पाय — उजवा अजून माझा आहे. ऐक रे डबड्या, मी थांबणार ना—