रविवारचं माप

सोमवार, ता. २ फेब्रुवारी

चि. फताड्यास,
अनेक उत्तम आशीर्वाद. आम्ही इकडे ठीक आहोत. तूही असशील असं धरून चालतो, कारण तू होऊन काही कळवत नाहीस.

अक्षर ताईचं आहे, शब्द माझे. पेन धरलं की हात थरथरतो. कातडं शिवायची आरी धरल्यावर कमी थरथरतो, पण थरथरतो. डॉक्टर म्हणतात, हे आता वाढतच जाणार. तेव्हा तुझे जुने बूट अजून टिकले असले तरी नवा जोड आत्ताच करायचा असं मी ठरवलंय. वर्षभर थांबलो तर माझ्याच्याने होणार नाही, आणि तुमच्या कारखान्याच्या स्टोअरात अकरा नंबरच्या पुढे बूट मिळत नाही हे तूच सांगितलंस. अठराव्या वर्षी चौदा नंबरचे पाय घेऊन घरातून निघालास तेव्हाच मी म्हटलं होतं, याला कुठलंच अंथरूण पुरायचं नाही.

माप कसं घ्यायचं ते दर वेळी सांगतो, याही वेळी सांगतो. पाळी संपल्यावर, संध्याकाळी. दिवसभर भट्टीपुढे उभं राहून पाय फुगतो, आणि बूट त्या फुगलेल्या पायातच असतो. बसून नाही, उभं राहून, दोन्ही पायांवर सारखा भार देऊन. पेन्सिल सरळ धरायची. तुझा तो बुटका मित्र ती तिरकी धरतो. एक दोरा चवड्याभोवती, एक टाचेवरून पावलाच्या उंचवट्यावर, दोन्हींना गाठ मारून पाठव. टाचेचा दोरा नीट घे. ओतकाम करणाऱ्याच्या बुटाला नाडी नसते ती उगाच नाही. लोखंडाचा रस आत उडाला तर एका झटक्यात पाय बाहेर यायला हवा. बूट सैल असला तर ठिणगी आत शिरते, घट्ट असला तर पाय आत राहतो. त्या दोहोंच्या मधे जी जागा उरते तेवढंच माझं काम.

(हे माझ्या मनाचं लिहितेय. ज्यांवर चढवून तुझे बूट शिवतात ती लाकडी पावलं बाबांनी माळ्यावरून काढून पुसून ठेवलीत. तू अठरा वर्षांचा असताना कोरलेली, आणि तुझा पाय रुंदावत गेला तसतसे वर चामड्याचे तुकडे ठोकलेली. आता लाकूड कमी आणि ठिगळं जास्त दिसतात. रोज सकाळी हातात घेऊन बसतात. — ताई)

उत्तर लगेच दे. लोभ आहेच, तो मागायचा नसतो. माप तेवढं पाठव.
तुझा,
बाबा


रविवार, ता. १५ फेब्रुवारी

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि. तुमचं पत्र काल मिळालं. आमच्या मालाच्या ट्रकचा ड्रायव्हर आज दुपारी तुमच्या बाजूला निघालाय. त्याच्या हाती हे पत्र, कागद आणि दोरे देतोय. टपालात आठ-दहा दिवस गेले असते. तुम्ही हातांबद्दल लिहिलंत ते वाचल्यावर आठ-दहा दिवसही जास्त वाटायला लागले.

माप तुम्ही सांगितलं तसंच घेतलंय. बुटक्याला एक कागद पुरला नाही, प्रत्येक पायाला दोन-दोन चिकटवावे लागले. तो म्हणतो, एवढ्या जागेत आपण दोघं भाड्याने राहू. आमच्या स्टोअरवाल्याला मी परवा पुन्हा मोठे बूट विचारले, तर म्हणाला, बूट नाहीत, पण बूट ज्या खोक्यातून येतात ती खोकी घालून बघ.

घाई करू नका, दमू नका. ताईला नमस्कार, आणि तिला म्हणावं, कंसात लिहायची खोड चांगली आहे.
तुमच्या आशीर्वादाचा धनी,
फताडा


शुक्रवार, ता. २७ मार्च

चि. धाकट्यास,
अनेक आशीर्वाद. बूट काल रवाना केले. आधी नऊ दिवसांत होणारा जोड, याला पाच आठवडे लागले. कातडं बाबांनीच कापलं. तळाची शिवण दुहेरी आहे. शेवटच्या ओळींना त्यांनी दोन्ही हातांनी आरी दाबली आणि मेणाचा दोरा मी ओढला. एक टाका जरा वाकडा पडला म्हणून अख्खी ओळ उसवायला लावली, एकदा नव्हे, तीनदा. मी म्हटलं, तळाखाली कोण बघायला जातंय? तर म्हणाले, रस बघतो, त्याला सगळं दिसतं. मग मला म्हणाले, तुझे हात धोब्यासारखे आहेत, दोरा पिळू नकोस. म्हणजे काम आवडलं होतं.

सुरुवातीचे दोन दिवस मात्र त्यांनी आरीला हात लावला नाही. तुझा कागद लाकडी पावलावर ठेवायचे, उचलायचे, पुन्हा ठेवायचे. मग ठोकलेले काही तुकडे उपटले. परत ठोकले. परत उपटले. मी विचारलं तर म्हणाले, तो वाळलाय, खात नसेल नीट. खरंच वाळलायस का? एकटा राहतोस म्हणून चहावर भागवत असशील तर याद राख.

हा शेवटचा जोड असं ते तोंडाने म्हणाले नाहीत. पण हत्यारांना तेल लावून ती फडक्यात बांधून ठेवलीत. बूट कसे बसले ते लवकर कळव. पोस्टमन दिसला की ते दारात जाऊन उभे राहतात, आणि काही नसलं की म्हणतात, मी वारा खायला आलो होतो.

माया आहे तशीच राहू दे, पत्रं जरा वाढव.
तुझी,
ताई


रविवार, ता. ५ एप्रिल

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि. बूट मिळाले. अगदी फिट्ट. पाळीवरच्या सगळ्यांनी हातात घेऊन बघितले. फोरमन म्हणाला, हे शिवलेले नाहीत, हे उगवलेत. नवं कातडं थोडं धरतं, ते धरणारच. चार दिवसांत सैल होईल.

आता हातांना सुट्टी द्या. वाळलो नाही म्हणून ताईला सांगा.
तुमचा,
फताडा


मंगळवार, ता. १९ मे

ती. काकांस,
सा. न. वि. वि. मी तोच बुटका, पेन्सिल तिरकी धरणारा. हे पत्र त्याने लिहायला हवं होतं, पण तो दवाखान्यात आहे. जिवाला धोका नाही हे आधी लिहितो, म्हणजे पुढचं तुम्ही बसून वाचाल.

शनिवारी पाळी संपायला अर्धा तास होता. साच्यात कुठेतरी ओल राहिली होती, रस ओतताना उसळला आणि त्याच्या डाव्या बुटात वरून गेला. त्याने लगेच झटका मारला. पाय निघाला नाही. दुसरा मारला. मग मी आणि फोरमनने धरून ओढला, तरी नाही. शेवटी सुरीने बूट कापला. कापायलाही वेळ लागला काका, एवढी चिवट शिवण मी बघितलेली नाही. डॉक्टरांनी काल डाव्या पायाचा चवडा काढला. टाच आणि घोटा वाचलाय.

तो तुम्हाला कळवू नको म्हणत होता. मी ऐकलं नाही, त्याबद्दल तो रागावला तर तुम्ही माझी बाजू घ्या. इथे त्याच्याजवळ आम्ही पाळीपाळीने बसतो. काळजी करू नका असं लिहिण्यात अर्थ नाही, पण तो एकटा नाही एवढं धरून राहा.
आपला नम्र,
बुटका


गुरुवार, ता. २८ मे

चि. बाळास,
आशीर्वाद. हे मी स्वतः लिहितोय. अक्षर लागेल तेवढं वाच. मला प्रवास झेपणार नाही, म्हणून ताई येतेय. तिच्या हाती देतोय.

डावा बूट परत पाठव. कापलेला असला तरी. कुठे चुकलं ते मला बघायचंय. टाच ओढली गेली असेल. थरथरत्या हाताने कातडं कापायच्या रापीला हात लावायचा नाही, हे मी जन्मभर दुसऱ्यांना सांगितलं. स्वतःला सांगितलं नाही.
बाबा


मंगळवार, ता. ९ जून

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि. ताई उद्या निघेल. तिच्या पिशवीत बूट आहे आणि हे पत्र. पत्रात काय आहे ते तिला माहीत नाही.

बूट बघा, पण त्यात काही सापडणार नाही. चूक बुटात नाही. मी तुम्हाला दोनदा खोटं लिहिलं. माप संध्याकाळी घेतलेलं नव्हतं. शनिवारी रात्री उशिरा तुमचं पत्र हाती आलं, रविवारी दुपारी ट्रक निघणार होता, आणि भट्टी बंद होती. सकाळी झोपेतून उठून, पाय गार असताना बुटक्याला बोलावलं. तो म्हणालाही, काका संध्याकाळी म्हणतात ना? मी म्हटलं, काढ तू, काही फरक पडत नाही. एक दिवस थांबलो असतो तर संध्याकाळचं माप टपालाने गेलं असतं. पण तुमचे हात तेवढे थांबतील का, हेच डोक्यात होतं.

दुसरं खोटं ‘फिट्ट’. सकाळी बूट चांगले बसायचे. दुपारनंतर धरायचे, संध्याकाळी काढायला पायरीला टाच अडकवावी लागायची. मी ते लिहिलं असतं तर तुम्ही हत्यारांचं फडकं पुन्हा सोडलं असतं. पाच आठवडे आरी दोन्ही हातांनी दाबून केलेला जोड. तो बसत नाही असं तुम्हाला कसं लिहू? कातडं सैल होईल म्हणून वाट बघत राहिलो. तुमचं कातडं सैल होत नसतं, हे मला ठाऊक असायला हवं होतं.

तुमच्या शिवणीवर कुणी बोट ठेवू नये, तुम्हीसुद्धा. म्हणून हे लिहिलं.
तुमचा


शनिवार, ता. २० जून

चि. बाळास,
आशीर्वाद. चार दिवस थोडं थोडं लिहितोय. हे ताईला सांगून लिहिण्यासारखं नाही.

बूट बघितला. टाके मोजले. एकही सुटलेला नाही. एखादा सुटला असता तर बरं झालं असतं.

तू म्हणतोस चूक तुझी. पत्राच्या माथ्यावर तूच रविवार लिहिला होतास. रविवारी तुमची भट्टी बंद असते हे मला तेवीस वर्षं माहीत आहे. कागद लाकडी पावलावर ठेवला तर सगळीकडून अर्धं बोट आत. दोरेही आखूड. चाळिशीच्या माणसाचा पाय लहान होत नाही. मी दोन दिवस तो कागद बघत बसलो. पुन्हा माप मागवायचं तर महिना गेला असता, आणि तो महिना माझ्या हातांत उरला नव्हता. शेवटचा जोड माझ्याच हातचा असावा ही माझी हौस. म्हणून तुकडे उपटले आणि ताईला सांगितलं, तो वाळलाय. एक ओळ लिहायला हवी होती. ती लिहिली नाही.

तू माझं मन राखलंस, मी माझं. पायाचा विचार कुणीच केला नाही.

आता माप पाठव. दोन्ही पायांचं. संध्याकाळी, उभं राहून, सारखा भार देऊन. डाव्याचं पण.
बाबा


शनिवार, ता. ११ जुलै

ती. बाबांस,
शि. सा. न. वि. वि. कोरा कागद दोन आठवडे उशाशी होता. आज संध्याकाळी त्यावर माप काढलं. दिवसभर कुबडी घेऊन वऱ्हांड्यात फिरलो, म्हणजे पाय फुगायला हवा तेवढा फुगला.

बुटक्याने उजवा काढला. डाव्यापाशी आला आणि पेन्सिल खाली ठेवून बाहेर गेला. परत आला तेव्हा तोंड धुतलेलं होतं. या वेळी त्याने पेन्सिल सरळ धरली. सारखा भार द्यायचा असं तुम्ही लिहिलं होतंत म्हणून कुबडी भिंतीला लावली आणि दिला. जखम झाल्यापासून पहिल्यांदा. कागद होईपर्यंत उभा होतो.

कारखान्यात पुढच्या महिन्यापासून स्टोअरात बसायचं काम देतायत. म्हणजे आता बूट मी वाटणार. चौदा नंबरचा कुणी आला तर त्याला तुमचा पत्ता देईन.

उजव्याला दोन कागद जोडावे लागले. डाव्याला एकच पुरला.
तुमचा,
फताडा


गुरुवार, ता. २३ जुलै

चि. धाकट्यास,
अनेक आशीर्वाद. कागद पोचला. बाबांनी तुझं जूनचं पत्र मला वाचायला दिलं, आणि आपण स्वतः काय लिहिलं होतं तेही सांगितलं. तुम्हा दोघांवर चिडून मी एक दिवस बोलले नाही. मला एका शब्दाने सांगितलं असतंत तर त्या बुटाची टाच मी पुन्हा शिवली असती, धोब्याच्या हातांनी का होईना.

काल त्यांनी हत्यारांचं फडकं सोडलं आणि करवत मागितली. तुझं डावं लाकडी पाऊल पाटावर ठेवलं, कागदाप्रमाणे पेन्सिलीने रेघ मारली. मी म्हटलं, मी कापते. म्हणाले, मी कोरलंय, मीच कापणार. करवत दोनदा रेघेवरून घसरली. तिसऱ्यांदा मी त्यांच्या हातावर हात ठेवला, तेव्हा नको म्हणाले नाहीत. सकाळी बसलो ते जेवायच्या वेळेला कापून झालं. चवड्याचा भाग खाली पडला, सगळ्या ठिगळांसकट.

तो त्यांनी उचलला, पुसला आणि शर्टाच्या खिशात ठेवायला गेले. मावला नाही. तुझाच तो. मग मांडीवर धरून बसले. हात थरथरत होता, त्याबरोबर तोही.

बूट मी शिवणार आहे. ते शेजारी बसून शिव्या देतील. डाव्याला पुढे काय भरायचं ते डॉक्टरांना विचारून कळव. आणि बाबांनी एवढंच लिहायला सांगितलंय, त्यांचेच शब्द: बूट आल्यावर पाळी संपेपर्यंत घालून बघ. घट्ट असले तर घट्ट लिही. आम्ही उसवू.
तुझी,
ताई